तिसरा रकाना

सातवीच्या वर्गाला लिंगविचार शिकवणे हे मास्तरकीतले सर्वांत सोपे काम. फळ्यावर तीन रकाने आखायचे. पहिल्यात 'तो मुलगा', दुसऱ्यात 'ती मुलगी', तिसऱ्यात 'ते मूल' असे लिहायचे आणि वर पुल्लिंग, स्त्रीलिंग, नपुंसकलिंग अशी नावे घालायची. पोरे माना डोलावतात, तास संपतो. वीस वर्षांपूर्वी लातूर जिल्ह्यातल्या एका शाळेत मी असाच फळा आखला आणि तिसऱ्या रकान्यावर नाव घालताच वर्गात खसखस पिकली. चाळीस तोंडे एकाच बाकाकडे वळली. त्या बाकावर एक मुलगा बसत असे. आवाज बारीक, चाल हलकी, हाताला मेंदी लावायची हौस, आणि परीक्षेत पहिल्या पाचांत नंबर. तो मान खाली घालून वहीत लिहीत राहिला. वर्ग हसला याचे मला तेव्हा काही वाटले नाही. मीही हसलो, याचे आज वाटते.

दुसऱ्या दिवसापासून पोरांनी त्याचे नावच 'तिसरा रकाना' ठेवले. मास्तरांच्या फळ्यावरून उचललेले नाव. त्याला हरकत कोण घेणार? मुतारीपाशी त्याला अडवून पोरे चड्डी ओढीत, म्हणून तो दिवसभर पाणी पिईनासा झाला. पुढे गैरहजर राहू लागला. बापाला बोलावणे गेले. बापाने आमच्यादेखत त्याला बडवले, आणि आम्ही बापाला सल्ला दिला, 'घरीच जरा नीट वळण लावा.' दिवाळीच्या सुटीनंतर तो आलाच नाही. काही महिने वाट पाहून त्याचे नाव हजेरीपटावरून कमी करण्यात आले. लाल शाईची रेघ मी ओढली.

नांदेड जिल्ह्यात लोह्याजवळ माळेगावला मार्गशीर्षात खंडोबाची मोठी यात्रा भरते. घोडे, उंट, गाढवे, तमाशाचे फड, वाघ्या-मुरळी असा तिचा थाट. तीन वर्षांपूर्वी तिथे एका पालाच्या हॉटेलात मी चहा पीत बसलो होतो. चौघीजणी टाळ्या वाजवीत आत आल्या. एकीने माझ्यापुढे पसरलेला हात एकदम मागे घेतला.

'सर, वळखलाव का मला?'

मी ओळखले होते. गडबडीने खिशात हात घातला. ती म्हणाली, 'ऱ्हाऊ द्या. तुमच्याकडून न्हाई घ्यायची मी. तुम्ही शिकवलाव मला.' आणि ती पुढच्या टेबलाकडे गेली.

ही हकीकत सांगून मन हलके करून घ्यावे, असा माझा हेतू नाही. मी मॅट्रिकच्या पुढे न शिकलेला एक खाजगी शाळेतला मास्तर आहे आणि फावल्या वेळात कादंबऱ्या लिहितो. पण गेली काही वर्षे या विषयावर जे बोलले आणि छापले जाते ते वाचून स्वस्थ बसवत नाही. तीन प्रकारची माणसे तीन गोष्टी सांगतात. पहिली म्हणतात, हे खूळ पश्चिमेकडून आले. दुसरी म्हणतात, आपल्या संस्कृतीत यांना मानाचे पान होतेच, तेव्हा निराळे काही करायची गरज नाही. तिसरी माणसे इंद्रधनुष्यी झेंडा घेऊन शहरातून मिरवणुका काढतात आणि म्हणतात, आम्ही सारे एक आहोत आणि आमचा मुख्य लढा २०१८ साली जिंकून झाला. या तिन्ही म्हणण्यांशी माझे भांडण आहे. तिसऱ्यांशी सर्वांत जास्त, कारण ती माणसे आपली आहेत.

आधी शब्द नीट करून घेऊ. कुणावर जीव जडतो हा एक प्रश्न. मी स्वतः कोण आहे हा दुसरा. पुरुषाचे मन पुरुषावर बसते किंवा स्त्रीचे स्त्रीवर, त्यांना आपण समलिंगी म्हणतो. आपण पुरुष आहोत किंवा स्त्री आहोत, याविषयी त्यांची तक्रार नसते. जन्मताना सुईणीने 'मुलगा झाला' म्हणून सांगितले आणि कळू लागल्यापासून जिचे मन 'मी मुलगी आहे' असे सांगत आले, ती पारलिंगी स्त्री. मुलगी म्हणून वाढवला गेलेला पारलिंगी पुरुषही असतो. तृतीयपंथी हा आपला कचेरीतला आणि वर्तमानपत्रातला शब्द. हिजडा हे गुरू-चेल्यांच्या नात्याने आणि घराण्यांनी बांधलेल्या एका समाजाचे नाव. प्रत्येक पारलिंगी व्यक्ती त्या समाजात जातेच असे नाही. या साऱ्यांची मिळून शहरांत इंग्रजी आद्याक्षरांची एक माळ झाली आहे: एल, जी, बी, टी, क्यू. त्यातल्या पहिल्या तीन अक्षरांचा प्रश्न जीव कुणावर जडतो हा आहे. चौथ्या अक्षराचा प्रश्न निराळा आहे आणि माझा लेख त्या चौथ्या अक्षराविषयी आहे.

पश्चिमेचे नाव घेणाऱ्यांना उत्तर सोपे आहे. माणसे इथलीच होती, आयात झाला तो कायदा. १८६० च्या दंड संहितेत इंग्रजांनी ३७७ वे कलम घातले. १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, तेव्हा त्याच्या एका भागात हिजड्यांच्या नावांची नोंदवही ठेवण्याची तजवीज केली. हे झाले इंग्रजी मुलखात. आमचा मराठवाडा निजामाचा. पण निजाम सरकार या बाबतीत इंग्रजांच्या मागे राहिले नाही. १३२९ फसली, म्हणजे १९१९ साली हैदराबादेत तसाच कायदा झाला. हैदराबाद शहरात आणि सरकार ठरवील त्या इतर ठिकाणी राहणाऱ्या, सरकारला ज्यांचा संशय येईल अशा हिजड्यांची नावे व पत्ते रजिस्टरात लिहायचे. नोंद झालेले कुणी रस्त्यावर बाईच्या वेषात किंवा दागिने घालून दिसले, नाचताना-गाताना सापडले, तर वॉरंटावाचून धरायचे. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद. लुगडे नेसल्याबद्दल दोन वर्षे!

१७ सप्टेंबर १९४८ ला आम्ही निजामी राजवटीतून सुटलो. नांदेडला, लातूरला दरवर्षी त्या दिवशी झेंडावंदन होते. मी पोरांना रांगेत उभे करून नेतो, भाषण ऐकवतो. पण निजामाचा तो कायदा तेलंगणात तसाच राहिला होता. नावापुढे नव्या राज्याचे नाव लागले एवढाच फरक. जुलै २०२३ मध्ये तेलंगणाच्या उच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला. निजाम गेल्यावर पंचाहत्तर वर्षांनी! मुक्तिसंग्रामाच्या भाषणात ही गोष्ट मी अजून कुणाच्या तोंडून ऐकलेली नाही.

आता संस्कृतीवाल्यांकडे येतो. त्यांच्याजवळ दाखले पुष्कळ असतात. शिखंडी आहे, बृहन्नडा आहे, अर्धनारीनटेश्वर आहे. खरे आहे. आपण ज्ञानोबाला माउली म्हणतो, विठोबाला विठाई म्हणतो. पुरुषाला आई म्हणताना मराठी माणसाची जीभ अडखळत नाही. नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजे आपले बालगंधर्व, रंगभूमीवर शालू नेसून उभे राहत तेव्हा घरंदाज स्त्रिया त्यांच्या नेसण्याची नक्कल करीत. १९६४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. त्यांच्या गाण्याविषयी मला आदरच आहे. पण तोच पदर एखाद्या जोगत्याने किंवा तमाशातल्या नाच्याने रस्त्यावरून घेऊन जावा, की आपले कौतुक आटते. गणपत पाटलांनी चित्रपटांतून नाच्या उभा केला आणि आपण पोट धरून हसलो. राजन गवसांनी 'भंडारभोग' लिहून जोगत्याचे जिणे मांडले तेव्हा कुठे वाचकाला कळले, की त्या भंडाऱ्याखाली माणूस चिरडला जातो.

देवाच्या दारात यांना जागा आहे, हे मी नाकारीत नाही. माहूरच्या गडाखाली, तुळजापूरच्या वाटेवर, माळेगावच्या मैदानात यांच्या पायाला हात लावणारे लोक मी पाहिले आहेत. बाळ जन्मले की हिजड्यांनी येऊन त्याच्या डोक्यावर हात ठेवावा, नव्या दुकानाला त्यांची टाळी लागावी, असे आमच्या व्यापाऱ्यांनाही वाटते. मग त्याच व्यापाऱ्याला विचारा, 'तुमच्या चाळीतली खोली यांना भाड्याने देता का?' विचारून पाहा, 'गल्ल्यावर बसवता का? तुमच्या पोराशेजारी शाळेच्या बाकावर बसवाल का?' तिथे संस्कृती संपते. ज्याचा शाप बाधतो असे आपण मानतो, त्याला आपण भितो. भीतीने टाकलेल्या दहा रुपयांना मान म्हणायचे असेल, तर मला त्या शब्दाचा अर्थ पुन्हा शिकावा लागेल.

राहिले ते झेंडेवाले. यांच्याविषयी लिहिताना हात जड होतो, कारण त्यांनी काम केले आहे. अशोक राव कवी यांनी १९९० मध्ये 'बॉम्बे दोस्त' काढले, १९९४ मध्ये हमसफर ट्रस्ट उभा राहिला, पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी २००२ मध्ये समपथिक ट्रस्ट काढून या विषयावर मराठीत लिहिले. या माणसांनी तोंड उघडले नसते तर माझ्यासारख्या खेड्यातल्या मास्तराला आज या लेखातले शब्दसुद्धा सापडले नसते. हे ऋण आधी मान्य करतो आणि मग भांडतो.

६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की दोन सज्ञान माणसे राजीखुशीने खाजगीत जे करतील त्यात ३७७ व्या कलमाने नाक खुपसू नये. निकाल थोर आहे. त्यातली समतेची आणि प्रतिष्ठेची भाषा साऱ्यांसाठी आहे. पण त्या दिवशी प्रत्यक्षात कोण सुटले ते पाहा. दाराच्या आतला माणूस सुटला. ज्याच्या घराला दार आहे, दाराला कडी आहे, त्याच्या कडीला सरकार हात लावणार नाही असे ठरले. आता ज्याला घरच मिळत नाही, त्याने कोणत्या दाराला कडी घालायची? शहरांत त्या संध्याकाळी लोक नाचले आणि वर्तमानपत्रांनी स्वातंत्र्य मिळाले म्हणून मथळे दिले. त्या संध्याकाळी नांदेडच्या स्टेशनावरून हैदराबादेकडे जाणाऱ्या गाडीत बसून जी हिजडा त्या शहरात उतरली असेल, ती लुगडे नेसण्याबद्दल पकडण्याचा कायदा जिवंत असलेल्या मुलखात उतरली. तो कायदा मरायला आणखी जवळजवळ पाच वर्षे जायची होती.

लातूरचा एखादा समलिंगी प्राध्यापक शर्ट-पँट घालून कॉलेजात जातो, पगार घेतो, लग्नाच्या गोष्टी आल्या की टाळतो आणि रात्री उशीत तोंड खुपसून रडतो. त्याचे दुःख हलके आहे असे मी म्हणणार नाही. जन्मभर लपणे हीही कैदच. पण लपता येणे ही एक इस्टेट आहे, आणि ती ज्यांच्याजवळ नाही त्यांच्या पाठीवर पहिला दगड बसतो. ज्याचे चालणे, बोलणे, हसणे त्याचे गुपित चारचौघांत सांगते, त्याला पोलिसाने धरले, गुंडाने धरले, मास्तरने धरले. इतर मंडळी ज्या वेळी घरात सुरक्षित होती, त्या वेळी हा रस्त्यावर होता. मग मिरवणुकीच्या दिवशी सर्वांत भडक साडी म्हणून त्याला पुढे घालायचे आणि दुसऱ्या दिवशी कामाचा विषय निघाला की मागे ढकलायचे, हे कसले एकपण?

हे आपल्याकडेच होते असेही नाही. न्यूयॉर्कमध्ये जून १९६९ ला स्टोनवॉल नावाच्या दारूच्या गुत्त्यावर पोलिसांनी धाड घातली आणि लोक उलटले. जगभरच्या मिरवणुकांचा उगम तिथला मानतात. त्या काळच्या चळवळीत रस्त्यावर राहणाऱ्या सिल्व्हिया रिव्हेरा आणि मार्शा जॉन्सन यांच्यासारख्या माणसांनी हाडे झिजवली. चारच वर्षांनी, १९७३ च्या मेळाव्यात सिल्व्हिया रिव्हेरा तुरुंगात खितपत पडलेल्या आपल्या माणसांविषयी बोलायला उभी राहिली, तर तिच्याच चळवळीतल्या लोकांनी तिची हुर्यो उडवली. हसणाऱ्या वर्गाची मला चांगली ओळख आहे. तो कुठल्याही देशात भरतो.

यावर हिजडा समाजातल्या काही वडीलधाऱ्यांचे म्हणणे असते, 'मग आमचा यांच्याशी संबंधच नको. आम्ही देवाची माणसे. ते लोक निराळे.' हा मार्गही मला पटत नाही, आणि याचे कारण कायद्यातच सापडते. ११ डिसेंबर २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ३७७ वे कलम पुन्हा जिवंत केले. चार महिन्यांनी, १५ एप्रिल २०१४ रोजी त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या पीठाने निकाल दिला, की तृतीयपंथीयांना आपले लिंग स्वतः ठरवण्याचा हक्क आहे, शस्त्रक्रियेची अट नाही, आणि त्यांना मागासवर्ग धरून शिक्षणात व नोकरीत राखीव जागा द्याव्यात. म्हणजे साडेचार वर्षे एकच व्यक्ती एप्रिलच्या निकालाने सन्मान्य नागरिक होती आणि डिसेंबरच्या निकालाने, तिने कुणावर प्रेम केलेच तर, गुन्हेगार होती. कचेरीत तिला दाखला मिळू शकत होता आणि घरी तिला पोलीस धरू शकत होते. तेव्हा हे दोन प्रश्न निराळे असले तरी एकाच अंगाला चिकटलेले आहेत. एक सोडवून दुसरा टाकता येत नाही.

आणि कायद्याच्याही आधी शाळा आहे. त्या बाकावरचा मुलगा पुढे समलिंगी पुरुष होणार होता, की पारलिंगी स्त्री, की नुसताच मृदू स्वभावाचा संसारी गृहस्थ, हे हसणाऱ्या चाळीस पोरांना ठाऊक नव्हते. त्याला स्वतःलाही ते पुरते ठाऊक नसेल. शिवी मात्र तिघांसाठी एकच असते. त्या एका शिवीने या साऱ्या माणसांना एका दावणीला बांधले आहे. म्हणून त्यांनी एकत्र राहावे असे मला वाटते. पण शिवी एक असली तरी प्रत्येकाची जखम निराळी आहे, आणि सर्वांना एकच मलम लावून भागणार नाही. शहरातल्या मंडळींनी लग्नाचा हक्क मागितला. ऑक्टोबर २०२३ मध्ये न्यायालयाने तो समलिंगी जोडप्यांना नाकारला, याचे मला दुःख आहे. पण लग्नाच्या नोंदीआधी शाळेच्या नोंदीचा प्रश्न येतो. २०११ च्या जनगणनेत पहिल्यांदा 'इतर' म्हणून तिसरा पर्याय ठेवला गेला. त्यात देशात ४,८७,८०३ आणि महाराष्ट्रात ४०,८९१ माणसे मोजली गेली. देशाच्या मानाने यांच्यात साक्षर माणसे पुष्कळच कमी निघाली. उरलेल्यांच्या नावांवर लाल रेघ ओढणारे हात कुणाचे होते, ते मी माझ्यापुरते सांगितले आहे.

हिजडा समाजाची मी भलामण करतो आहे असे कुणी समजू नये. तिथेही गुरू कमाईतला वाटा घेतो, चेल्याला घराणे सोडायचे तर दंड पडतो, आणि आतला छळ बाहेर सांगायची सोय नसते. पण बापाने हाकललेल्या, मास्तरने कमी केलेल्या बारा-चौदा वर्षांच्या पोराला आपल्या समाजात कोणते घर उघडे होते, हे आधी सांगा आणि मग त्या घराचे दोष काढा. मुलगी म्हणून वाढवलेल्या पारलिंगी पुरुषाला तर तेवढेही घर नाही. त्याला टाळी नाही, गुरू नाही, घराणे नाही. आमच्याकडे दहावी होते न होते तोच त्याच्या कपाळी बाशिंग बांधतात, आणि त्याचे पुढे काय झाले ते उंबऱ्याबाहेर येत नाही. मिरवणुकीतल्या फलकांवरही त्याची आठवण क्वचितच असते.

संसदेने २०१९ साली तृतीयपंथीयांच्या संरक्षणाचा म्हणून कायदा केला. त्यात एक कलम असे लिहिले गेले, की तृतीयपंथी व्यक्तीवर शारीरिक वा लैंगिक अत्याचार करणाऱ्याला सहा महिने ते दोन वर्षे शिक्षा व्हावी. वाचकहो, मघाचा १९१९ चा निजामी कायदा आठवा. लुगडे नेसले तर हिजड्याला दोन वर्षांपर्यंत कैद. बरोबर शंभर वर्षांनी आपल्या लोकशाहीने तिची अब्रू घेणाऱ्याला जास्तीत जास्त तेवढीच कैद लिहिली. पारलिंगी कार्यकर्त्या या कायद्याविरुद्ध जिवाच्या आकांताने बोलल्या. ३७७ च्या वेळी जेवढी मोठी गर्दी त्यांच्या भोवती होती, तेवढी या वेळी मला दिसली नाही. माझा राग हा आहे.

मग आशा कुठे आहे? गंमत म्हणजे ती मला खेड्यात दिसते. २०१७ मध्ये सोलापूर जिल्ह्यातल्या माळशिरस तालुक्यात तरंगफळ गावाने ज्ञानदेव कांबळे या तृतीयपंथी व्यक्तीला सरपंच म्हणून निवडून दिले. जळगाव जिल्ह्यातल्या भादलीला एका पारलिंगी स्त्रीने ग्रामपंचायतीला स्त्रियांच्या राखीव जागेवर अर्ज भरला. निवडणूक अधिकाऱ्याने तो फेटाळला. जानेवारी २०२१ मध्ये उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने, म्हणजे ज्याच्या दारात नांदेड-लातूरचे दावे जातात त्याच खंडपीठाने, सांगितले, की ती स्वतःला स्त्री म्हणवते, तेव्हा तिला स्त्री म्हणून लढू द्या. ती लढली आणि गावाने तिला निवडून दिले. डिसेंबर २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने पोलीस भरतीच्या अर्जात तृतीयपंथीयांसाठी पर्याय ठेवायला राज्य सरकारला भाग पाडले. कुणाला तिसरा रकाना हवा होता, त्याला तो मिळाला. भादलीच्या बाईला दुसरा हवा होता, तिला दुसरा मिळाला. रकाने आखणे सरकारचे आणि मास्तरचे काम असेल. कुठल्या रकान्यात बसायचे हे मात्र ज्याचे त्याने ठरवावे. निजामाच्या रजिस्टरातही यांच्यासाठी निराळा रकाना होता. तो पोलिसाने भरायचा होता, एवढाच फरक, आणि साऱ्या लढ्याचे मर्म त्या फरकात आहे.

झेंडेवाल्या मित्रांना माझे मागणे लहान आहे. वर्षातून एक मिरवणूक पुण्या-मुंबईला काढता, ती अवश्य काढा. उरलेल्या दिवसांतले चार दिवस उदगीरला, देगलूरला, लोह्याला, निलंग्याला या. तिथल्या शाळांच्या मुताऱ्या पाहा. मुख्याध्यापकांशी भांडा. तहसिलीत दाखल्यासाठी ताटकळणाऱ्या माणसाबरोबर बाकावर बसा. चौथे अक्षर तुमच्या माळेत शोभेसाठी ओवलेले नाही. सर्वांत आधी मार त्याने खाल्ला. मदतीच्या वेळी त्याचा नंबर शेवटी लागू नये.

आणि माझ्या मास्तर बंधूंना सांगणे आहे. लातूरच्या शिकवण्यांचा आणि गुणवत्तेचा डंका सगळीकडे वाजतो. आपण किती मुले वर चढवली त्याचे फलक चौकाचौकांत लावतो. किती मुले आपल्या हसण्याने गळाली, त्याचा फलक कुठेच नसतो. मी अजून लिंगविचार शिकवतो, अजून तीन रकाने आखतो. पण खडू खाली ठेवण्याआधी सांगतो, की हे लिंग शब्दाचे आहे, माणसाचे नाही. मराठीत लेकराला 'ते' म्हणतात आणि ते प्रेमाने म्हणतात, हेही सांगतो. अजून कुणी हसते. हसले की मी शिकवणे थांबवतो आणि त्या दिवशी व्याकरण बाजूला ठेवतो.

तिचा शाळा सोडल्याचा दाखला न्यायला कुणी आलेच नव्हते. माळेगावहून परतल्यावर मी जुने दप्तर उघडून पाहिले. शाळा सोडण्याचे कारण, या रकान्यात माझ्याच अक्षरात लिहिले आहे, 'सतत गैरहजर'. ते खोटे आहे. वीस वर्षे खोटे लिहून ठेवलेला तो कागद आता दुरुस्त होत नाही, असे कचेरीतले लोक सांगतात. यंदा मार्गशीर्षात यात्रेला जाताना मी दाखल्याची नक्कल खिशात घेऊन जाणार आहे. कुठल्याही अर्जाला तिला ती लागेल. ती भेटली तर दाखला तिच्या हाती देईन, आणि खरे कारण तोंडाने सांगेन.